कमरेला नसलेली तलवार

चौथ्या वेळीही राजे दारातून अगदी बरोबर आत आले. किल्ली खिळ्याला अडकवली, चपला पायानेच कडेला सारल्या, नळाखाली ग्लास धरला, स्वयंपाकघरातली खुर्ची ओढली आणि बसले. ग्लास पुढ्यात ठेवला. पाणी प्यायचं नव्हतं, त्याच्याकडे नुसतं बघायचं होतं.

"कट," दिग्दर्शिका म्हणाली. ती कॅमेऱ्याशेजारी जमिनीवरच मांडी घालून बसली होती.

मग कुणी काही बोलेना. एवढी माणसं एकदम गप्प झाली की काहीतरी बिनसलंय, हे नटाला सांगावं लागत नाही.

प्रसंग साधा होता. बायकोला इस्पितळात ठेवून नवरा घरी परततो. घर रिकामं. तो येतो, बसतो. बस्स. एकही संवाद नाही. उभ्या आयुष्यात राजांनी असा प्रसंग मागितला होता आणि कुणी दिला नव्हता. आज दाढी नव्हती, मिशी नव्हती, कपाळावर मुकुटाचा वळ नव्हता. घरून येताना घातलेला शर्टच दिग्दर्शिकेने पसंत केला होता. "हाच राहू दे," ती म्हणाली होती, तेव्हा राजांना शर्टाचा हेवा वाटला होता.

"सर, एक विचारू? बसताना तुम्ही डाव्या हाताने काय करता?"

"काय करतो?"

"काहीतरी सरकवता."

त्यांनी राजांना पडद्यावर दाखवलं. एक दमलेला म्हातारा खुर्चीपाशी येतो. ओढतो. मग त्याचा डावा हात कमरेशी जातो, हवेतच मूठ वळतो, काहीतरी लांबसं मागे सारतो, आणि मग म्हातारा बसतो. इतकं सफाईने, की राजांना स्वतःलाच क्षणभर वाटलं, काही चुकलं कुठे?

"तलवार," आवाज टिपणारा कानावरचं यंत्र खाली करत म्हणाला. "तलवार मागे घेतात सर. म्यान खुर्चीत अडकू नये म्हणून."

सगळी खोली हसली. दुष्टपणाने नाही हसली, म्हणून जास्त लागलं.

पुन्हा केलं. हात गेला. डावा हात खिशात घालून बसा म्हणाले, तर उजवा हात पोटावरून पलीकडे गेला आणि तेच करून आला. डाव्या हातात ग्लास दिला, तर ग्लासासकट गेला; पाणी फरशीवर. पुसायला आलेल्या बाई म्हणाल्या, "लढाई अजून संपली नाही वाटतं."

दिग्दर्शिका हसली नाही. ती राजांच्या मुलीच्या वयाची असेल. "सर, मला या माणसाचं मागचं काही दिसायला नको आहे. फक्त दमलेला माणूस हवाय. आज आपण करून पाहत होतो, खरं शूटिंग सोमवारी. सोमवारी सकाळी बघू."

"नाही जमलं तर?"

ती दाराबाहेर पाहू लागली. बाहेर जिन्याजवळ प्लास्टिकच्या खुर्चीवर एक गृहस्थ बसले होते, विम्याच्या जाहिरातीत शेजारी होतात ते. ते कधी आले, कधी बसले, कुणालाच कळलं नव्हतं. बसणं म्हणजे काय ते त्या माणसाला देवाने आयतं दिलं होतं.

*

राजे हे काही त्यांचं नाव नव्हे. पण नाटकात सगळे राजे म्हणत, गल्लीत राजे म्हणत, दूधवाला राजे म्हणे, आणि खरं नाव बायकोला तेवढं माहीत होतं, तेही रागावल्यावर. तरुणपणी ते सेनापती झाले, मग राजा झाले, मग राजाचा बाप. मध्ये एक समाजसुधारक झाले, एक दरबारी कवी झाले, फासावर गेले, विष प्यायले, तटावरून पडले. सिनेमातही तेच. नायकाच्या आधी मरणारा शूर माणूस हवा असला की राजांना बोलावणं यायचं. मुलगी शाळेत असताना बाईंनी विचारलं होतं, बाबा काय करतात? ती म्हणाली होती, "मरतात. मग संध्याकाळी घरी येतात."

दाढी दुसऱ्याची, मुकुट दुसऱ्याचा, मरण दुसऱ्याचं. चेहरा तेवढा त्यांचा, आणि तो कधी कुणी पाहिला नाही. रस्त्यात लोक वाकून पाया पडत. बरं आहे ना, असं मात्र कुणी विचारत नसे. राजाला बरं नसायचं काय कारण?

दौऱ्याच्या दिवसांत बायको मुलीला निजवायला स्वतःच रचून म्हणायची:

मुकुट गेला पेटीत, राजा गेला गाडीत,
एवढीशी तलवार गं, बाळाच्या मुठीत.

राजांना हे गाणं माहीत होतं, पण ऐकलेलं नव्हतं. ते ज्या दिवसांत म्हटलं जायचं, त्या दिवसांत ते घरी नसायचे.

परतताना बसमध्ये एका कॉलेजच्या मुलीने उठून जागा दिली. "बसा ना, राजे." ते बसले. हात गेला. शेजारच्या बाईने आपली पिशवी आवरून घेतली, जणू खरंच काही लागणार होतं. राजांनी स्वतःच्या डाव्या हाताकडे असं पाहिलं, जसं दारू पिऊन आलेल्या भावाकडे पाहावं.

*

"अहो, हातच तो," बायको लसूण सोलत म्हणाली. "त्याला काय एवढं? नको म्हणायचं."

"म्हणून बघितलं."

"कडक शब्दात म्हणा. प्रधानाला म्हणता तसं."

"थट्टा करू नकोस. हे मला हवंय." त्यांनी आवाज खाली आणला, आणि तो खाली आणलेला आवाजसुद्धा शेवटच्या रांगेपर्यंत गेला असता. "एकदा तरी, अगं. एकदा तरी लोकांनी मला बघावं आणि म्हणावं, हा आमच्या वडिलांसारखा दिसतो. मग मेलो तरी चालेल."

"मेलात की इतक्यांदा," ती म्हणाली. पण लसणाची पाकळी तिच्या बोटात तशीच राहिली.

ते बसले. उठले. बसले. त्यांचं स्वयंपाकघर चिंचोळं होतं. ओट्यापुढे एक टेबल, एका बाजूला राजांची खुर्ची. त्या खुर्चीच्या डाव्या अंगाला कधी काही ठेवलेलं नसे. डबा नाही, पिशवी नाही. पाहुण्याने चुकून काही ठेवलंच, तर बायको बोलता बोलता उचलून दुसरीकडे नेई. राजांना वाटे, तिला मोकळं आवडतं.

संध्याकाळपर्यंत खुर्चीचा एक पाय डुगडुगायला लागला. "आता आसन ग्रहण करून झालं असेल," बायको म्हणाली, "तर जरा त्या पायाखाली पुठ्ठा लावा."

दुसऱ्या दिवशी ते बस स्थानकावर गेले. लोक बसतात कसे, हे बघायला. आयुष्यभर राजे कसे बसतात ते वाचलं होतं, चित्रांतून पाहिलं होतं. माणसं कशी बसतात हे कधी बघितलं नव्हतं. एक बाई बाकावर टेकली आणि बसता बसताच तिने डोळे मिटले. एक मास्तरासारखा दिसणारा माणूस आधी फुंकर मारून धूळ उडवायचा, मग रुमाल पसरायचा, मग रुमाल घडी करून खिशात घालायचा आणि बाकाच्या कडेवर बसायचा. एक जाडा गृहस्थ स्वतःला हळूहळू खाली सोडत होता, विहिरीत बादली सोडावी तसा. एक नवरा-बायको भांडत आले आणि एकाच वेळी बसले. कुणाच्या कमरेला काही नव्हतं. कुणी काही मागे सारत नव्हतं. किती सोपं होतं. राजांना त्या सगळ्यांचा राग आला.

तेवढ्यात मास्तरासारखा माणूस उठून जवळ आला. "तुम्ही ते... तटावरून पडता ते ना? माझी आई फार रडली होती हो."

"आईंना नमस्कार सांगा."

"गेली ती." मग त्याने जागा करून दिली. "बसा ना."

"नको," राजे म्हणाले. "उभा बरा आहे मी."

*

तिथून ते नाटकगृहात गेले. दुपारची वेळ, रंगमंचावर एकच दिवा, आणि मागे कपडेपटाच्या खोलीत मामा शालींना इस्त्री करत होते. मामा म्हणजे कुणाचेच मामा नव्हेत. नटांना वेश चढवणं हे त्यांचं काम. राजांच्या पहिल्या प्रयोगापासून ते इथे होते, आणि ते एकटेच असे होते, जे राजे म्हणून हाक मारूनही अरे-तुरे करायचे.

"मामा, ही सवय तुम्ही लावलीत. आता काढा."

"कुठली रे?"

राजांनी बसून दाखवलं. मामा इस्त्री उभी करून हसले. त्यांना खोकला येईपर्यंत हसले.

"आठवतं?" मामा म्हणाले.

आठवत होतं. पहिल्या प्रयोगात तरुण सेनापती दरबारात आला, ऐटीत बसला, आणि महाराजांनी विचारलं, गडाची वार्ता काय? सेनापती ताडकन उठला, तर म्यान खुर्चीच्या हाताला अडकलेलं. खुर्ची मागे लटकत आली. गड पडल्याची वार्ता त्याने कमरेला खुर्ची बांधून सांगितली. लोक असे हसले, की महाराजांनाही तोंड फिरवावं लागलं. दुसऱ्या दिवसापासून मामांनी राजांच्या कमरेला ती तलवार बांधली ती सोडलीच नाही. चहाला तलवार, जेवायला तलवार, गाडीत तलवार. बसताना म्यान मागे घ्यायचं, तान्ह्या बाळाचं डोकं धरावं तसं, न बघता. विसरले की मामा मागून टपली मारायचे.

"मग आता टपली मारा. उलटी."

"उलटी टपली नसते रे."

"काहीतरी असेल ना, मामा. सोमवारपर्यंत."

मामांनी शाल झटकली, घडी घातली. "राजे, मी कपडे चढवणारा माणूस. आत काय चढलं ते मला काय ठाऊक? आणि तुला सांगू का, तू तसा बसतोस तेव्हा छान दिसतोस. हे लोक वेडे आहेत."

"छान दिसायचं नाहीये मला."

"मग नट कशाला झालास?"

राजे चिडले, दार जोरात लावून गेले, आणि जाताना कमरेला काही नाही हे विसरून दारात थोडे तिरके झाले. मामांनी ते पाहिलं. नशीब, हसले नाहीत.

*

रविवारी रात्रीपर्यंत जमलं.

कसं जमलं, तर हाताशी वैर धरून. राजांनी हाताला बजावलं, बोटं मांडीला चिकटवली, श्वास रोखला, मनात म्हणाले: खाली, खाली, खाली. आणि बसले. हात जागचा हलला नाही. बायकोने ताट वाढता वाढता पाहिलं आणि ताट पुढे सरकवलं. राजांना वाटलं, तिला आनंद झाला असेल.

सोमवारी सकाळी ते दारातून आले. किल्ली खिळ्याला. चपला कडेला. नळाखाली ग्लास. खुर्ची ओढली. खाली, खाली, खाली. बसले.

"कट."

राजांनी आवाज टिपणाऱ्याकडे पाहिलं. त्याने हसून अंगठा वर केला. तो चांगला मुलगा होता. पण दिग्दर्शिका पडद्याकडे बघत होती, हनुवटीखाली मूठ धरून.

"अजून एकदा घेऊ या का, सर?"

घेतलं. आणखी एकदा घेतलं. हात एकदाही हलला नाही. राजांच्या काखेत घाम जमला, आणि प्रत्येक खेपेला तिचा चेहरा थोडा अधिक मऊ होत गेला. नटाला असल्या मऊपणाची भीती वाटते. रागावलेला दिग्दर्शक काम काढून घेत नाही, मऊ झालेला घेतो.

ती उठून आली आणि टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसली. सहज. बसली असं वाटलंही नाही.

"सर, हात आता हलत नाही."

"नाही हलत."

"पण आता तुम्ही हात न हलवणारा माणूस दिसता."

खोलीत कुणीतरी वायर गुंडाळत होतं. त्याने वायर गुंडाळणं थांबवलं.

"म्हणजे तो घरी आल्यावर कसला तरी विचार करतोय असं वाटतं," ती म्हणाली. "त्याने विचार करायला नकोय. चूक तुमची नाही. माझीच निवड जरा..." तिने वाक्य सोडून दिलं. मग दुसरं धरलं. "आणखी एक सांगायचं होतं. दुसऱ्या कुणाकडून कळण्यापेक्षा मीच सांगते. या घरात मागे टीव्ही चालू असतो. त्यावर एखादा जुना ऐतिहासिक सिनेमा लागलेला दाखवायचा आहे. तुमचा तो दरबाराचा घेतलाय, निर्मात्यांकडून. तुमची परवानगी तशी लागत नाही. पण कानावर घालावं म्हटलं."

"कुठलं दृश्य?"

"तुम्ही सिंहासनावर बसता ते."

राजे बराच वेळ ग्लासाकडे बघत राहिले. दिग्दर्शिकेला हवा होता तो दमलेला माणूस बहुधा तेव्हा तिथे होता. कॅमेरा बंद होता.

"आवाज?" त्यांनी विचारलं.

"आवाज बंद ठेवणार आहोत."

जिन्यात ते गृहस्थ बसले होते. आज त्यांच्या हातात एक शर्ट होता, घडी केलेला, राजांच्या शर्टासारखा. "नमस्कार, राजे," ते अदबीने उठून म्हणाले. "आमच्या घरी तुमचे सगळे सिनेमे पाहतात." आणि पुन्हा बसले. ते बसताना राजांनी नीट निरखून पाहिलं. बघण्यासारखं काहीच नव्हतं. तीच तर त्यांची करामत होती.

*

घरी मुलगी आलेली होती. ऑफिसातून परस्पर, आईने फोन केला म्हणून. अजून खांद्यावरची बॅगही उतरवली नव्हती.

"गेलं ना?" तिने विचारलं.

"गेलं."

"हात हलला?"

"नाही हलला. म्हणून गेलं."

"हे काय रे, बाबा? हलला तरी तोटा, नाही हलला तरी तोटा."

"टीव्हीवर दाखवणार आहेत मला. मागे. मुका." राजांनी चपला काढल्या, पायाने कडेला सारल्या, आणि आपण हे त्या प्रसंगातल्यासारखं करतोय हे लक्षात येऊन पुन्हा चिडले. "जाऊ दे. तो विषय नको. विम्याच्या जाहिरातीतला तो माणूस करेल. तो बसतो. मला बसता येत नाही, एवढंच. आयुष्य गेलं आणि बसता येत नाही."

"आधी चहा घ्या," बायको ओट्याकडून म्हणाली.

"आई, मलाही," मुलगी म्हणाली. तिने बॅग भिंतीशी टाकली, आईच्या बाजूची खुर्ची ओढली, डावा हात कमरेशी नेला, हवेतच मूठ वळली, काहीतरी लांबसं मागे सारलं, आणि बसली.

राजे उभेच होते.

"काय झालं?" मुलगी म्हणाली.

"उठ."

"आत्ता तर बसले."

"उठ आणि परत बस."

ती कुरकुरत उठली. बसली. हात गेला. तेव्हा तिला कळलं, आणि ती कंटाळून मागे टेकली. "हे होय? ऑफिसात नवीन साहेबांनी विचारलं, तुमच्या कमरेला काही दुखतं का. कॉलेजात असताना सोडायला बघितलं मी. नाही सुटत."

"मला का नाही सांगितलंस?"

"काय सांगायचं? लहानपणी मला वाटायचं, बसणं म्हणजे हेच. आधी हे, मग बुड टेकायचं." तिने राजांच्या खुर्चीकडे बोट केलं. "तू दौऱ्यावर असलास की मी तुझ्या खुर्चीत बसायचे. तुझ्यासारखी. आईला विचार."

राजांनी तिच्या आईकडे पाहिलं. आईने चहात साखर घातली आणि ढवळत राहिली. "तुम्हाला आत्ता दिसलं होय?" ती म्हणाली.

त्यांनी बस स्थानकावर अख्ख्या गावाचं बसणं पाहिलं होतं. मास्तराचं, जाड्याचं, भांडणाऱ्या नवरा-बायकोचं. घरातलं नव्हतं पाहिलं. राजांनी खिशातून फोन काढला. दिग्दर्शिकेला सांगायचं होतं: बाई, बाप असाच बसतो. हे मागचं काही नाही, हेच पुढचं आहे. येऊन बघा माझ्या स्वयंपाकघरात.

फोन बराच वेळ वाजला. मग ती दबक्या आवाजात म्हणाली, "सर, शॉट चालू होतोय. संध्याकाळी बोलू या का?" तिच्यामागे एक खुर्ची फरशीवर ओढल्याचा आवाज आला. ओढली, आणि मग काहीच नाही. माणूस बसला होता. आवाज न करता बसलेला तो राजांना ऐकू आला.

"हो, हो," ते म्हणाले. "काही विशेष नव्हतं."

"कोण होतं?" बायकोने विचारलं.

"चुकून लागला."

चहा निवत होता. मुलगी कपाशी चाळा करत बसली होती. राजे तिच्या मागे उभे राहिले, दोन्ही हात रिकामे. मग त्यांनी तिच्या डाव्या कोपराला बोट लावलं.

"हे बाहेर जातं तुझं."

"काय?"

"कोपर. बाहेर काढतेस. आणि मूठ फार वर धरतेस. म्यान असं धरत नाहीत, कुणी पाहिलं तर हसेल."

"बाबा, हसतातच सगळे."

"चुकीचं करतेस म्हणून हसतात. उठ."

"दमलेय मी."

"मीही दमलोय. उठ."

ती उठली. राजांनी तिचा हात धरून खाली आणला, मूठ उघडली, बोटं सैल केली. "घट्ट नाही. तान्ह्या बाळाचं डोकं धरतेस असं. बघायचं नाही. बघितलंस की संपलं." त्यांचा आवाज अजून चिडकाच होता. "हं. आता बस."

ती बसली.

"पुन्हा."

"आई, सांग ना याला."

"चहाला बसणार आहात की राज्याभिषेक आहे आज?" बायको म्हणाली. पण ती ओट्यापासून वळली, मुलीच्या खुर्चीच्या डाव्या अंगाला फरशी पुसायची बादली होती ती तिने उचलली, पलीकडे दाराशी नेऊन ठेवली, आणि पुन्हा ओट्याकडे वळली.